"शहर आधी कोणाचं होतं?" : जेरुसलेमवरच्या लेखावरील प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार.

तुमची प्रतिक्रिया सावकाश वाचली. तिच्यातले आक्षेप वजनदार आहेत, त्यामुळे खाली नुसते आभार मानण्याऐवजी सविस्तर लिहितो.

मूळ लेख न वाचलेल्यांसाठी थोडक्यात सांगतो. जेरुसलेमच्या तीन हजारांहून अधिक वर्षांतली सत्तांतरं सांगताना मी प्रत्येक राजवटीला एकच प्रश्न विचारला होता: तुमच्या काळात या शहरात राहायची मुभा कोणाला होती, आणि वेशीबाहेर कोणाला ठेवलं होतं? तुमचं म्हणणं असं, की हा प्रश्न मुद्दाम निवडलेला आहे, कारण त्यामुळे 'शहर मुळात कोणाचं' हा खरा मुद्दा बाजूला पडतो. शिवाय खलिफा उमर आणि सुलतान सलाहुद्दीन या मुसलमान जेत्यांना मी झुकतं माप दिलं, शहर ४४ वेळा जिंकलं गेलं असताना मोजक्याच स्वाऱ्या घेतल्या आणि १९६७ मध्ये इस्रायलने जुनं शहर घेतलं ते दोन वाक्यांत उरकलं. आणि शेवटी, या सगळ्याशी मराठी माणसाचा संबंध काय, असंही तुम्ही विचारलं आहे.

मुळापासूनच सुरुवात करू. इ.स.पू. चौदाव्या शतकात जेरुसलेमचा राजा अब्दी-हेबा याने इजिप्तच्या फॅरोला पाठवलेली पत्रं आज उपलब्ध आहेत. मातीच्या पाट्यांवर, अक्कादी भाषेत कोरलेली. धनुर्धारी पाठवा, नाहीतर महाराजांचा मुलूख हातचा गेला असं समजा, असा त्यांचा सूर आहे. ज्यूंच्या दाविद राजाच्या तीनशेहून अधिक वर्षं आधीची ही गोष्ट. म्हणजे या शहराचा हाती आलेला सर्वांत जुना आवाज ज्यूंचा नाही, ख्रिस्ती नाही, मुसलमानांचाही नाही. तो मदत मागणाऱ्या एका कनानी मांडलिकाचा आहे. बायबलही हे लपवत नाही. शहर यबूसी लोकांचं होतं आणि दाविदाने ते जिंकून घेतलं, असं तिथे सरळ लिहिलं आहे.

त्याच कथेचा पुढचा भाग मला फार महत्त्वाचा वाटतो. दाविदाला वेदी बांधायची असते, आणि जागा असते अरवना नावाच्या यबूसी माणसाच्या खळ्याची. अरवना म्हणतो, तशीच घ्या, होमाला बैलही घ्या. राजा म्हणतो, फुकटात मिळालेलं मी देवाला वाहणार नाही, आणि ५० शेकेल चांदी मोजून देतो. पुढे मंदिर याच जागी उभं राहिलं, अशी परंपरा आहे. इतिहास म्हणून ही कथा किती घट्ट आहे यावर अभ्यासकांचा वाद चालू राहील. पण सांगणाऱ्यांना त्यात काय जपून ठेवावंसं वाटलं ते पाहा: शहर जिंकल्यावरही जुना रहिवासी तिथेच आहे, त्याची जमीन त्याचीच आहे, आणि राजाला ती विकत घ्यावी लागते. 'आधी कोणाचं' या प्रश्नाचं त्या परंपरेनेच दिलेलं उत्तर असं आहे. ते मागे नेत गेलात तर यबूसींपाशीही थांबता येणार नाही.

याचा अर्थ ज्यूंचं या शहराशी असलेलं नातं कमी खरं ठरतं असा अजिबात नाही. ते नातं नाकारणाऱ्याशी मी तुमच्याइतक्याच हिरिरीने भांडेन. इ.स.पू. ५८६ मध्ये नबुखद्नेस्सरने मंदिर जाळून लोकांना बाबिलोनला नेलं, इराणी सम्राट सायरसने परत येऊ दिलं, मंदिर पुन्हा उभं राहिलं आणि इ.स. ७० मध्ये टायटसच्या रोमन फौजेने तेही पाडलं. हे सगळं घडलेलं आहे. माझा प्रश्न ज्यूंचा दावा झाकण्यासाठी आहे असं तुम्हाला वाटतं. मग तो प्रश्न लावल्यावर सर्वांत आधी कोणाची बाजू समोर येते ते बघा.

इ.स. १३५ मध्ये बार कोखबा या ज्यू पुढाऱ्याचं बंड मोडून काढल्यावर रोमन सम्राट हेड्रियनने शहराचं नावच बदललं. एलिया कॅपिटोलिना नावाची रोमन वसाहत वसवली आणि ज्यूंना तिथे पाऊल टाकायला बंदी केली. रोमन साम्राज्य पुढे ख्रिस्ती झालं, ३३५ मध्ये ख्रिस्ताच्या समाधीवरच्या चर्चचं अर्पण झालं, पण बंदी उठली नाही. ३३३ मध्ये फ्रान्समधल्या बोर्दोहून आलेल्या एका यात्रेकरूने लिहून ठेवलं आहे, की ज्यू वर्षातून एकदा मंदिराच्या जागी येतात, भोक पडलेल्या एका दगडाला तेल लावतात, कपडे फाडून आक्रोश करतात आणि निघून जातात. काही दशकांनी बेथलेहेमला राहणारा ख्रिस्ती पंडित जेरोम लिहितो, की या रडण्यासाठी त्यांना पहाऱ्यावरच्या सैनिकांना पैसे द्यावे लागत, आणि जास्त वेळ रडायचं तर जास्त पैसे. जेरोमच्या लिहिण्यात करुणा नाही; त्याला त्यात देवाचा न्याय दिसतो. मला मात्र त्या राजवटीबद्दल एवढं एकच वाक्य पुरेसं वाटतं. तिने बांधलेल्या भव्य वास्तूंची वर्णनं कितीही वाचली तरी हे वाक्य त्यांच्याआड जात नाही.

आता उमर. ६३८ च्या सुमारास शहराचा प्रमुख धर्मगुरू सोफ्रोनियस याने कत्तल न होता शहर अरबांच्या हवाली केलं. खलिफाने चर्चमध्ये नमाज पढायला नकार दिला, नाहीतर अनुयायी पुढे त्याच कारणाने चर्च बळकावतील, ही कथा लोकप्रिय आहे. ती आपल्याला दहाव्या शतकातल्या एका ख्रिस्ती धर्मगुरूच्या लिखाणातून मिळते, म्हणून मी ती लेखात कथा म्हणूनच दिली होती. तहाचा जो मजकूर इतिहासकार तबरीने दिला आहे त्यात तर ज्यूंना शहरात राहू देणार नाही असं कलम आहे. झुकतं माप द्यायचं असतं तर हे कलम मी सांगितलंच नसतं. पण कैरोच्या गेनिझातल्या, म्हणजे सिनेगॉगमधल्या जुन्या कागदांच्या कोठीतल्या एका पत्रात दुसरी बाजू आहे: ज्यूंनी २०० कुटुंबांची परवानगी मागितली, ख्रिस्ती धर्मगुरूने विरोध केला, आणि अखेर उमरने ७० कुटुंबांना येऊ दिलं. तबेरियासहून आलेली ही कुटुंबं शहराच्या दक्षिण भागात राहिली. शेकडो वर्षांनी ज्यू पुन्हा जेरुसलेमचे रहिवासी झाले, ते या सत्तांतरानंतर. हे लिहिणं कौतुक नाही, नोंद आहे. आणि १००९ मध्ये इजिप्तच्या फातिमी घराण्यातला खलिफा अल-हाकिम याने तेच समाधीचं चर्च पाडलं, हीदेखील त्याच लेखातली नोंद आहे.

मुसलमान राजवटी म्हणजे सगळी एकच सलग सत्ता, असं तुमच्या लिहिण्यात गृहीत धरल्यासारखं वाटलं. मंदिराच्या जुन्या जागेवरच्या डोम ऑफ द रॉक या घुमटाच्या वास्तूतला कोरीव लेख त्यावर चांगला उजेड टाकतो. ही वास्तू उमय्या घराण्यातल्या खलिफा अब्द अल-मलिकने बांधली. पुढे सत्ता अब्बासी घराण्याकडे गेल्यावर खलिफा अल-मामूनने त्या लेखातलं बांधणाऱ्याचं नाव काढून आपलं घातलं. तारीख मात्र तशीच राहिली, हिजरी ७२, म्हणजे इ.स. ६९१-९२. मामूनचा तेव्हा जन्मही झाला नव्हता. जिंकणारा माणूस धर्मबांधव असला तरी आधीच्याचं नाव खरवडतोच.

सलाहुद्दीनच्या आधी १५ जुलै १०९९ सांगावा लागतो. युरोपातून धर्मयुद्धाला आलेल्या क्रुसेडवाल्यांनी शहर घेतलं आणि मुसलमान व ज्यू रहिवाशांची कत्तल केली. बिगरख्रिस्ती माणसाने इथे राहायचं नाही असा नियम केला. त्यातून शहर इतकं ओस पडलं की राजा पहिला बाल्डविन याला जॉर्डन नदीपलीकडच्या सीरियन ख्रिश्चनांना आणून वसवावं लागलं. अक्सा मशिदीत राजाचा मुक्काम पडला, नंतर टेंपलर योद्ध्यांचा.

२ ऑक्टोबर ११८७ ला सलाहुद्दीन आत आला तो निव्वळ उदारपणे आला, असं मी म्हटलेलं नाही. आधी त्याने १०९९ चा सूड घेण्याची भाषा केली होती. आतून शहराचा बचाव करणारा ख्रिस्ती सरदार बेलियन याने धमकी दिली, की आम्ही मुसलमान कैदी मारू, डोम ऑफ द रॉक पाडू आणि मग मरू. त्या घासाघिशीतून करार झाला: पुरुषाला १० दिनार, बाईला ५, मुलाला त्याहून कमी, आणि ४० दिवसांची मुदत. पैसे नसलेल्यांपैकी काही हजार ठोक रकमेवर सुटले, उरलेले हजारो गुलाम म्हणून गेले. तरीही दोन सत्तांतरांमधला फरक फरकच राहतो. पूर्वेकडच्या पंथांचे ख्रिस्ती शहरात राहू शकले, समाधीचं चर्च पाडलं गेलं नाही, आणि ज्यूंना परत यायची वाट मोकळी झाली. दोन्ही जेत्यांना एकाच मापाने मोजलं तर मिळणारं उत्तर वेगळं येतं, आणि ते वेगळंच लिहायला हवं.

४४ या आकड्याबद्दल. तो सगळीकडे फिरतो, पण आकडा ठरतो तो कशाला जिंकणं म्हणायचं यावर. १२२९ मध्ये सम्राट दुसऱ्या फ्रेडरिकने एकही लढाई न करता, सुलतान कामिलशी तह करून जेरुसलेम मिळवलं. हरम, म्हणजे डोम ऑफ द रॉक आणि अक्सा मशिदीचं आवार, मुसलमानांकडेच राहिलं. हे मोजायचं का? १०९८ मध्ये फातिमींनी शहर तुर्कांकडून परत घेतलं. म्हणजे ज्या तुर्कांविरुद्ध युरोपात रान उठवलं गेलं होतं, ते क्रुसेड जेरुसलेमला पोचण्यापूर्वीच तिथून गेले होते. अशा सगळ्या नोंदींची जंत्री करता येईल, पण त्यातून शहरात जगणाऱ्या माणसाचं काय झालं ते कळणार नाही.

ते कळतं १२६७ मधल्या एका पत्रातून. स्पेनहून आलेले म्हातारे पंडित नाहमनिदीस आपल्या मुलाला लिहितात: शहरात दोनेक हजार माणसं आहेत, त्यात ३०० ख्रिस्ती, ज्यू फक्त दोन. रंगारी भाऊ. शब्बाथच्या दिवशी त्यांच्या घरी प्रार्थनेपुरती माणसं गोळा होतात. तटबंदी १२१९ मध्ये सलाहुद्दीनच्याच अय्युबी घराण्यातल्या सत्ताधीशाने पाडून टाकली होती, १२४४ मध्ये ख्वारिझमी टोळ्यांनी उरलंसुरलं लुटलं होतं. तीन धर्मांनी ज्याच्यासाठी रक्त सांडलं ते हे शहर, आणि त्याची ही अवस्था. आज दिसणारा तट सुलतान सुलेमानने १५३७ ते १५४१ दरम्यान बांधला. चारशे वर्षांची ती तुर्की राजवट बाकी इथे सोडून देतो.

आता १९६७. तुम्ही म्हणता, इस्रायलने शहर घेतल्यावर प्रथमच सर्व धर्मीयांना प्रवेश मिळाला, हे मी ठळकपणे लिहायला हवं होतं. यातला खरा भाग आधी मांडतो. मे १९४८ मध्ये जुन्या शहरातला ज्यू मोहल्ला पडला, रहिवाशांना बाहेर काढलं गेलं, तिथली सिनेगॉग उद्ध्वस्त झाली. १९४९ च्या युद्धबंदी करारात पवित्र स्थळी जाण्यायेण्याची व्यवस्था करण्याचं कलम होतं, पण जॉर्डनच्या ताब्यातल्या १९ वर्षांत ज्यूंना पश्चिम भिंतीपाशी, म्हणजे मंदिराच्या आवाराच्या उरलेल्या भिंतीपाशी, जाता आलं नाही. हेड्रियनच्या बंदीला जो प्रश्न लावला तोच इथे लावतो, आणि उत्तरही तितकंच कठोर आहे.

पण तोच प्रश्न शहराच्या दुसऱ्या बाजूलाही लावावा लागतो. पश्चिम जेरुसलेममधल्या कतामोन, तालबिया, बका या वस्त्यांतली अरब कुटुंबं १९४८ मध्ये गेली ती परत येऊ शकली नाहीत. त्यांची घरं 'गैरहजर मालकांची मालमत्ता' म्हणून कायद्याने सरकारी ताब्यात गेली. १० जून १९६७ च्या रात्री भिंतीसमोरचा मगरिबी मोहल्ला रिकामा करून पाडायला घेतला. सलाहुद्दीनच्या मुलाने ११९३ मध्ये उत्तर आफ्रिकेतून आलेल्या मुसलमानांसाठी वक्फ केलेली ती वस्ती, सुमारे १३५ घरांची. आज भिंतीसमोर जे प्रशस्त पटांगण दिसतं ते तिथलं. हरमचा रोजचा कारभार मुस्लिम वक्फकडेच ठेवला, हा शहाणपणाचा निर्णय होता. पूर्व जेरुसलेमच्या बहुतेक पॅलेस्टिनींना मात्र नागरिकत्व नाही, कायम रहिवासाचा परवाना मिळाला, आणि काही वर्षं बाहेर राहिल्यास तो रद्द होऊ शकतो. प्रवेश खुला झाला, ही बातमी खरी आहे. राहण्याचा हक्क सगळ्यांना सारखा मिळाला, असं मात्र मी लिहू शकत नाही.

शेवटी मराठी माणसाचा संबंध. डिसेंबर १९१७ मध्ये जनरल ॲलनबी याफा वेशीतून पायी आत शिरला, तेव्हा डोम ऑफ द रॉकभोवती पहाऱ्याला हिंदुस्थानी मुसलमान सैनिक नेमले होते. पण त्याहून जवळची गोष्ट आहे बेने इस्रायलांची. कोकणात शेकडो वर्षं तेलाचे घाणे चालवणारे, शनिवारी काम बंद ठेवतात म्हणून 'शनिवार तेली' म्हटले गेलेले, घरात मराठी बोलणारे हे लोक दरवर्षी वल्हांडणाच्या सणाला 'पुढच्या वर्षी जेरुसलेमात' म्हणत. १९४८ नंतर त्यांच्यातले हजारो खरोखरच इस्रायलला गेले. तिथे धर्मपीठाने प्रश्न काढला, की हे पुरेसे ज्यू आहेत का. लग्नाआधी त्यांच्या पूर्वजांची चौकशी व्हावी. १९६४ मध्ये बेने इस्रायल माणसं मुलाबाळांसह जेरुसलेममध्ये धरणं धरून बसली. त्याच वर्षी इस्रायलच्या संसदेला ठराव करून सांगावं लागलं, की हे सर्व अर्थांनी ज्यू आहेत आणि त्यांचे हक्क इतरांइतकेच आहेत.

आपल्या अलिबाग-पेणच्या माणसांना त्या शहरात हाच प्रश्न सोसावा लागला होता: आत कोणाला घ्यायचं, आणि ते ठरवणार कोण? त्या आंदोलनावर वेगळा लेख लिहायला घेतला आहे. तो आल्यावर तुमच्या आक्षेपांची वाट पाहीन.