"सोसायटी खाजगी, मग नोटीस कशाला?" या फॉरवर्डचं पोस्टमॉर्टेम

पतसंस्था आणि सहकारी बँकवाल्यांच्या ग्रुपांवर सध्या एक मेसेज जोरात फिरतोय. थोडक्यात असा: सहकारी संस्था सरकारी नाही, तिथे घटनेचं 311 कलम लागत नाही, त्यामुळे संचालक मंडळाने मासिक सभेत ठराव केला की नोकर घरी, कुठल्याही कोर्टात जाता येत नाही, फार तर सहकार न्यायालयात जा, आणि अपहाराचा आरोप असेल तर चौकशीचीही गरज नाही. मी बरीच वर्षं कॅशियर होतो, दोन-तीन चौकशांत सहकाऱ्यांचा बचाव प्रतिनिधी म्हणून बसलोय, त्यामुळे हे वाचून गप्प बसवेना.

311 चं म्हणणं खरं आहे, म्हणून तर मेसेज खपतोय. ते कलम सरकारी नोकरांसाठीच आहे आणि सहकारी संस्था सहसा 'राज्य' (म्हणजे घटनेच्या अर्थाने सरकार) ठरत नाही हे सुप्रीम कोर्टाने 2013 मध्ये केरळच्या थलप्पलम बँकेच्या केसमध्ये सांगितलंय, त्यामुळे उठसूट संस्थेविरुद्ध थेट हायकोर्टात रिट (घटनेखालची याचिका) टाकली तर बहुतेक वेळा परत पाठवतात. पण म्हणून नोटीस न देता काढता येतं हे कुठून आलं? आपल्याकडे महाराष्ट्रात 1971 चा एमआरटीयू-पीयूएलपी कायदा आहे, म्हणजे कामगार संघटनांना मान्यता देण्याचा आणि अनुचित कामगार प्रथा रोखण्याचा कायदा, त्याच्या चौथ्या अनुसूचीतलं पहिलंच कलम वाचा. सूडबुद्धीने काढणं, नैसर्गिक न्याय धाब्यावर बसवून किंवा घाईघाईत चौकशी उरकून काढणं, किरकोळ चुकीला बडतर्फीसारखी शिक्षा देणं, या सगळ्याला तिथे अनुचित कामगार प्रथा म्हटलंय. तक्रार लेबर कोर्टात, त्यावर रिव्हिजन (निकालाची फेरतपासणी) इंडस्ट्रियल कोर्टात आणि मग हायकोर्ट. म्हणजे हायकोर्टाचं दार बंद नाहीये, फक्त जिना चढून जावं लागतं.

सहकार न्यायालयाचा सल्ला तर सरळ घातक आहे. सहकार कायद्याच्या 91 कलमाखाली, म्हणजे ज्या कलमाने सहकार न्यायालयात वाद नेतात त्याखाली, नोकरीतून काढल्याचा वाद चालत नाही हे सुप्रीम कोर्टाने 2017 मध्ये आपल्याच राज्यातल्या सहकारी गृहनिर्माण वित्त महामंडळाच्या केसमध्ये स्पष्ट केलं. तिथे काही वर्षं तारखा घेऊन शेवटी 'तुमचं दार दुसरं' असं ऐकण्यात काय अर्थ आहे सांगा. हां, एक अडचण खरी आहे, खरोखर मॅनेजरचं काम करणाऱ्याला लेबर कोर्ट मिळत नाही, त्याला सिव्हिल कोर्ट, आणि तिथे बहुतेक वेळा नुकसानभरपाईवरच भागतं. पण नुसतं 'शाखाधिकारी' पद लिहून भागत नाही, दिवसभर काम कसलं करतो ते बघतात. आमच्याकडे शाखाधिकारी म्हणवणारा माणूस व्हाउचर लिहायचा आणि शटरही ओढायचा.

आता अपहार. मी ज्या एका चौकशीत बसलो तिथे चौकशी अधिकारी कोण, तर ज्यांनी आरोपपत्र ड्राफ्ट केलं तेच संस्थेचे वकील साहेब! साक्षीदार एकही नाही, रोजकीर्दीच्या (रोजच्या जमाखर्चाच्या वहीच्या) झेरॉक्स टेबलावर ठेवल्या आणि म्हणाले कागद बोलतात. कागद आपोआप बोलत नाहीत, कोणीतरी साक्षीला येऊन ते शाबीत करावे लागतात आणि त्याची उलटतपासणी करू द्यावी लागते. पंजाब नॅशनल बँकेच्या रूपसिंग नेगी केसमध्ये शिपायाने पोलिसांपुढे दिलेला कबुलीजबाब आणि न शाबीत केलेले कागद यांच्यावर उभी केलेली बडतर्फी सुप्रीम कोर्टाने टिकू दिली नाही. शिवाय सुप्रीम कोर्टाच्या 1993 च्या करुणाकर केसपासून चौकशी अहवालाची प्रत शिक्षा ठरवायच्या आधी हातात द्यावी लागते, नोकरी सरकारी असो की खाजगी. ती दिली नाही तर त्यामुळे आपलं नुकसान काय झालं हेही मात्र नोकराला दाखवावं लागतं.

दुसऱ्या बाजूनेही उड्या मारू नका, आमच्या युनियनवाल्यांना पण सांगतोय. चौकशी सदोष ठरली तरी संस्थेने परवानगी मागितली तर ती लेबर कोर्टात नव्याने पुरावा देऊन आरोप सिद्ध करू शकते, हे सुप्रीम कोर्टाच्या 1973 च्या फायरस्टोन निकालापासून चालत आलंय. आणि खरंच पैसे खाल्ले असतील तर रक्कम छोटी होती, आधीचं रेकॉर्ड चांगलं होतं, असलं काही चालत नाही, 2000 साली दक्षिण कन्नडच्या जनता बाजार केसमध्ये सहकारी भांडाराच्या नोकरांना सुप्रीम कोर्टाने अजिबात सूट दिली नव्हती.

मेसेजमध्ये सगळ्यात कामाची गोष्ट नेमकी गाळलीय. त्या 1971 च्या कायद्याखाली तक्रार 90 दिवसांत करायची असते, उशिराला सबळ कारण दाखवावं लागतं. ज्याला काढल्याची ऑर्डर मिळालीय त्याने ग्रुपवर वाद घालण्याआधी त्या ऑर्डरवरची तारीख बघावी आणि पाकीट जपून ठेवावं, त्यावर पोस्टाचा शिक्का असतो.