पडद्यावरची एअर होस्टेस कधी काम करताना दाखवाल का?

आज एक चित्रपट अर्ध्यात बंद केला. नाव लिहीत नाही, कारण दोष त्या एकट्याचा नाही. प्रसंग तुम्ही सगळ्यांनी दहा वेळा पाहिलाय. विमान हलतं, कॉफीचा ट्रे घेऊन आलेल्या एअर होस्टेसचा तोल जातो, ती थेट नायकाच्या मांडीवर पडते. नजरानजर, मागे गाण्याची धून. तेवढ्यात तिची ट्रॉली मधल्या वाटेने गडगडत मागे जाते आणि सगळे प्रवासी हसतात.

हसतात! माझं डोकं तिथेच फिरलं.

भरलेली मोठी ट्रॉली शंभर किलोच्या घरात जाते. विमान अचानक खाली गेलं की ती उचलली जाते, छतावर आपटते आणि मग कोणाच्या डोक्यावर किंवा गुडघ्यावर येईल ते नशीब. म्हणून तिला पायाने दाबायचे ब्रेक असतात. लाल पेडल लावायचं, हिरवं सोडायचं. अर्ध्या मिनिटासाठी थांबलात तरी लाल दाबायचं, आणि ट्रॉली एकटी सोडून कुठेही जायचं नाही. सरळ उडणाऱ्या विमानातही जमीन पूर्ण सपाट नसते, नाक थोडं वर असतं. त्यामुळे ब्रेक झिजलेला असेल किंवा नीट बसला नसेल तर ट्रॉली आपोआप मागे सरकते. गॅलीत, म्हणजे विमानातल्या स्वयंपाकघरात, परत ठेवल्यावर समोरच्या खिट्ट्या फिरवायच्या, सगळ्या, कारण एक राहिली की विमान जमिनीला टेकताना तोच कप्पा बाहेर येतो.

आणि टर्ब्युलन्स, म्हणजे हवेचे धक्के, खरंच जोराचं असेल तर कोणी ट्रे घेऊन फिरत नाही. गरम कॉफीचं भांडं आधी जमिनीवर किंवा ट्रॉलीच्या आत जातं, ब्रेक लागतो आणि क्रू जिथे असेल तिथेच बसतो. जवळ रिकामी सीट मिळाली तर पट्टा बांधून, नाहीतर सरळ जमिनीवर, सीटचा पाय घट्ट धरून. कधी शेजारचे प्रवासीच त्यांना दंडाला धरून खाली दाबून ठेवतात. टर्ब्युलन्समध्ये गंभीर जखमी होणाऱ्यांत क्रूची माणसं जास्त असतात, कारण पट्ट्याशिवाय उभी तीच असतात. घोटे मोडतात, मणके दबतात. काहींची नोकरी तिथेच संपते. आणि आपण त्यावर गाणं वाजवतो.

ठीक आहे, चित्रपट म्हणजे ट्रेनिंगचा व्हिडिओ नव्हे. प्रेमकथेत नायिका एअर होस्टेस असू नये असंही मी म्हणत नाही. पण पडद्यावर डॉक्टर आला की तो निदान नाडी तरी बघतो. ही मात्र फक्त हसते, चालते आणि पडते.

त्याच चित्रपटात पुढे ऑक्सिजनचे मास्क खाली पडतात आणि नायिका हाय हील्समध्ये धावत एकेकाला मास्क लावत सुटते. हे पाहून कोणाला ती शूर वाटली असेल, तर त्याला हेच सांगावंसं वाटतं की प्रत्यक्षात अशी बाई अर्ध्या केबिनपर्यंतही पोहोचणार नाही. ३५ हजार फुटांवर हवेचा दाब गेला तर माणूस जेमतेम ३० ते ६० सेकंद भानावर राहतो. म्हणून क्रूला शिकवलेलं असतं की हाताशी येईल तो मास्क आधी स्वतःला लावायचा आणि बसायचं. विमान १० हजार फुटांच्या आसपास खाली आलं की मग उठून लोकांना बघायचं. मास्क नुसता तोंडाला लावून भागत नाही, तो खाली ओढावा लागतो. बऱ्याच विमानांत त्या ओढण्यानेच वरचा ऑक्सिजन तयार करणारा रासायनिक जनरेटर सुरू होतो. तो तापतो, त्यामुळे जळल्यासारखा वास येतो. मास्कची पिशवी फुगली नाही तरी ऑक्सिजन येत असतो. घाबरलेल्या माणसाला हे ओरडून सांगणारी व्यक्ती शुद्धीवर असायला हवी, एवढंच त्यामागचं कारण आहे.

भांडणात नायक किंवा खलनायक उडत्या विमानाचं दार उघडतो, तेही घ्या. उंचावर आतला दाब ते दार चौकटीत इतक्या जोराने दाबून धरतो की ते ओढायला कित्येक टनांची ताकद लागेल. हो, मे २०२३ मध्ये एशियाना एअरलाइन्सच्या विमानात एका प्रवाशाने दार उघडलं होतं. पण ते उतरण्याच्या बेतात होतं, जमिनीपासून सुमारे २०० मीटरवर, तिथे दाबातला फरक जवळजवळ उरलेलाच नसतो.

मुळात हे काम सुरू कसं झालं ते तरी आठवा. १९३० साली एलन चर्च पहिली स्ट्युअर्डेस, म्हणजे एअर होस्टेस, झाली, ती प्रशिक्षित नर्स होती, आणि सुरुवातीच्या सगळ्या जणी नर्सच निवडल्या होत्या. आजही साधारण ५० आसनांमागे एक क्रू हा जो नियम आहे, तो जेवण वाढायला किती हात लागतात यावरून ठरलेला नाही. विमान रिकामं करायला किती माणसं लागतात, यावरून ठरलाय. नव्या विमानाला मान्यता मिळण्याआधी अर्धी दारं बंद ठेवून, अंधारात, वाटेत ब्लँकेट आणि बॅगा टाकून, सगळी माणसं ९० सेकंदांत बाहेर काढता येतात हे सिद्ध करावं लागतं.

दारात उभी राहून ती नमस्कार करते ना, तो शॉट प्रत्येक चित्रपटात असतो. त्या वेळी ती तुम्हाला न्याहाळत असते. कोण प्यायलेलं आहे, कोणाला चालायला त्रास होतोय, तान्ही मुलं कुठे बसली, गरज पडली तर दाराशी मदतीला कोणता धडधाकट माणूस घेता येईल. खिडकीची झडप उघडायला लावते ती बाहेर आग आहे का हे दिसावं म्हणून. रात्री उतरताना दिवे मंद करतात ते डोळ्यांना अंधाराची सवय व्हावी म्हणून. टेकऑफला जंप सीटवर, म्हणजे क्रूच्या घडीच्या सीटवर, ती गप्प बसलेली दिसते, तेव्हा मनात उजळणी चालू असते. माझं दार कोणतं, आर्म आहे का (म्हणजे उघडताच उतरायची स्लाइड आपोआप फुगेल ना), बाहेर काय बघायचं, पहिला शब्द कोणता ओरडायचा.

हे एवढं कॅमेऱ्याला दिसत नाही? की बघायचंच नाही?

२ जानेवारी २०२४ आठवा. टोकियोच्या हानेदा विमानतळावर उतरताना जपान एअरलाइन्सचं ए-३५० तटरक्षक दलाच्या विमानावर आदळलं. त्या छोट्या विमानातल्या सहापैकी पाच जण गेले, ते विसरता येत नाही. पण मोठ्या विमानातले ३७९ जण, सगळेच्या सगळे, जिवंत बाहेर आले. घोषणेची यंत्रणा बंद पडलेली, केबिनमध्ये धूर, पुढचं चाक मोडून नाक खाली टेकलेलं, त्यामुळे मागची स्लाइड नेहमीपेक्षा खूप उभी. क्रूने मेगाफोन आणि नुसता घसा वापरला. आठ दारांपैकी तीनच उघडली, कारण बाकीच्यांबाहेर उतरणं धोक्याचं होतं. मागच्या दाराशी असलेल्यांना कॉकपिटशी बोलता येत नव्हतं, त्यांनी बाहेर बघून स्वतःच ठरवलं. ते वाचताना मला आजही भरून येतं. पाच दारं न उघडणं हे केवढं मोठं काम आहे! लोक दाराकडे लोटताहेत, किंचाळताहेत, आणि तुम्ही पाठ लावून म्हणायचं, इथून नाही, तिकडे जा.

पुरुष क्रूविषयी तर बोलायलाच नको. तो पडद्यावर येतो तोच टिंगलीसाठी, लाडिक बोलणारा, हात हलवणारा. १९९० साली ब्रिटिश एअरवेजच्या विमानाची कॉकपिटची काच निघाली आणि कॅप्टन टिम लँकेस्टर अर्धा बाहेर ओढला गेला. त्याला धरून ठेवलं ते नायजेल ऑग्डेन या स्ट्युअर्डने, नंतर त्याचे हात गारठले तेव्हा दुसऱ्या सहकाऱ्यांनी. कॅप्टन वाचला. हा माणूस विनोदाला वापरायचा?

नीरजा भनोतवर चित्रपट आला, हे मला सांगू नका, आला आणि चांगलं झालं. पण त्यासाठी अतिरेकी यावे लागले, तिला मरावं लागलं. रोज संध्याकाळी टॉयलेटच्या दाराला हाताची मागची बाजू लावून ते गरम आहे का बघणारी, फोनची बॅटरी पेटली तर आधी ज्वाळा विझवून मग तिच्यावर पाणी ओतत बसणारी बाई पडद्यावर कुठे आहे?

"एवढं कोण बघतं" असं कमेंटमध्ये लिहिणार असाल तर थांबा. लोक बघतात आणि तेच करतात. आजच्या चित्रपटाच्या शेवटी नायक खांद्यावर बॅग टाकून स्लाइडवरून उतरतो आणि त्याच्या मागे नायिका सँडल घालून. स्लाइड म्हणजे हवा भरलेलं कापड आहे. बॅगेचं चाक, बक्कल किंवा टोकदार टाच लागली की ती फाटू शकते, आणि फाटली की त्या दारातून मागचा एकही माणूस उतरू शकत नाही.