आर्माडाचे खलाशी आणि काळ्या केसांचे आयरिश

१५८८ साली इंग्लंडवर चालून गेलेल्या स्पॅनिश आर्माडाची, म्हणजे स्पेनच्या लढाऊ ताफ्याची, जहाजे आयर्लंडच्या किनाऱ्यावर फुटली, वाचलेले खलाशी तिथेच स्थायिक झाले आणि काळ्या केसांचे आजचे आयरिश हे त्यांचेच वंशज, असा मजकूर समाजमाध्यमांवर सतत फिरत असतो. यातली जहाजे फुटल्याची गोष्ट तेवढी खरी आहे.

तीही केवळ वादळाची करणी नव्हती. फ्रान्सच्या किनाऱ्यावरील कॅले बंदराजवळ इंग्रजांनी रात्री पेटती जहाजे सोडली, तेव्हा स्पॅनिश कप्तानांनी घाईघाईने नांगरांचे दोर तोडले. पुढे स्कॉटलंडला वळसा घालून परतताना सप्टेंबरच्या वादळाने गाठले, तेव्हा अनेक जहाजांना धरून ठेवायला पुरेसे नांगरच उरले नव्हते आणि सुमारे दोन डझन जहाजे आयर्लंडच्या किनाऱ्यावर गेली.

वाचलेले स्थायिक झाले, हे म्हणणे तर मला मृतांवर अन्याय करणारे वाटते. आयर्लंडच्या वायव्य किनाऱ्यावर, स्लायगोतील स्ट्रीडा येथे तीन जहाजे तासाभरात फुटून हजारावर माणसे मेली. त्यांतून बचावलेला कप्तान फ्रान्सिस्को दे क्वेयार याने लिहून ठेवले आहे की, किनाऱ्यावर पोहोचलेल्यांना अंगावरच्या कपड्यांसकट लुटले जात होते, आणि आसऱ्यासाठी तो जवळच्या मठात शिरला, तर आत बारा स्पॅनिश माणसे फासावर लटकत होती. सापडेल त्या स्पॅनिश माणसाला ठार करावे, असा इंग्रज राजप्रतिनिधी फिट्झविल्यम याचा हुकूमच होता. गॉलवेत शेकडो कैद्यांची कत्तल झाली.

आसरा देणारे आयरिश सरदारही होते, हे नाकारता येत नाही. ओ'रूर्क त्यांपैकी एक. त्याला १५९१ मध्ये लंडनला फाशी झाली आणि त्याच्यावरच्या आरोपांत हा आसराही होता. पण आसरा मिळालेल्यांची धडपड तिथून निघून स्कॉटलंड गाठण्याची होती. क्वेयार त्याच वाटेने निसटून तेव्हा स्पेनच्या ताब्यात असलेल्या अँटवर्पला पोहोचला. 'गिरोना' हे जहाज तर फुटलेल्या इतर जहाजांवरची माणसे घेऊन, सुमारे १३०० जणांसह, स्कॉटलंडकडेच निघाले होते. ऑक्टोबरमध्ये ते अँट्रिमच्या खडकांवर आपटले आणि दहा माणसेही वाचली नाहीत.

मागे राहिले असतील ते इतके थोडे की, त्यांच्यामुळे साऱ्या बेटाच्या केसांचा रंग बदलणे शक्य नाही. शिवाय काळे केस वेल्समध्येही सर्रास दिसतात, आणि तिथे आर्माडाच्या जहाजांचा असा खच पडलाच नव्हता.