सगळे फितूर, तर ओनायडांची जमीन कुठे गेली?

अमेरिकेच्या स्वातंत्र्ययुद्धाबद्दलचा एक मजकूर सध्या सगळीकडे फिरतोय. मला तो आठवड्याभरात तीनदा आला. त्याचा सारांश असा: इरोक्वॉयांच्या, म्हणजे आजच्या न्यूयॉर्क राज्यातल्या मूळ रहिवाशांच्या संघाच्या, सहाही टोळ्या रमच्या पिंपांसाठी इंग्रजांना फितूर झाल्या, त्यांनी निरपराध वस्त्या कापून काढल्या, वॉशिंग्टनने त्यांना धडा शिकवला आणि हरणाऱ्या घोड्यावर पैसे लावल्यामुळे त्यांची जमीन गेली. शेवटी हात जोडलेले चिन्ह.

आधी 'फितूर' या शब्दाचं बघू. फितूर व्हायला आधी कुणाचं तरी चाकर असावं लागतं. मोहॉक, ओनायडा, ओनोंडागा, कायुगा, सेनेका आणि मागाहून आलेले टस्करोरा यांचा हा संघ बोस्टनचाही ताबेदार नव्हता आणि लंडनचाही नव्हता. ते स्वतःला हॉडनोशोनी, म्हणजे लांब घर बांधणारे लोक म्हणवतात. १७७५ मध्ये लढाई पेटली तेव्हा त्यांचा पहिला निर्णय होता बाजूला राहायचा. ओनायडांनी कनेक्टिकटच्या गव्हर्नरला कळवलं की हे दोन भावांचं भांडण आहे आणि आम्हाला दोघेही प्रिय आहेत, तेव्हा आम्ही कुणाच्याच बाजूने उतरणार नाही. भाऊबंदकीत तिऱ्हाइताने पडू नये, हे आपल्याकडे कुणाला समजावून सांगायला नको. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये ऑल्बनीला काँग्रेसच्या, म्हणजे बंडखोर वसाहतींच्या मध्यवर्ती सभेच्या, प्रतिनिधींनीही त्यांच्याकडे तटस्थताच मागितली होती.

ती टिकली का नाही? संघाचा मध्यवर्ती अग्नी ओनोंडागात असे. सगळ्यांची सभा त्याच्याभोवती बसायची आणि एकमत होईपर्यंत बोलणी चालायची. १७७७ च्या जानेवारीत साथीने तिथे नव्वद माणसं गेली, त्यांत तीन प्रमुख होते. अग्नी विझवण्यात आला. म्हणजे ऐन मोक्याच्या वर्षी एकत्र बसून ठरवण्याची जागाच उरली नाही आणि ज्याने त्याने आपापलं ठरवलं.

आता रम. त्या उन्हाळ्यात ऑस्वेगोला इंग्रजांनी सेनेकांना भेटी दिल्या, दारू वाटली, हे खरंच आहे. पण भेटवस्तूंची देवाणघेवाण हा तिथल्या राजकारणाचा रिवाज होता आणि तो दोन्ही बाजू पाळत. खरं आमिष जमिनीचं होतं, किंवा भीती म्हणा. १७६८ मध्ये फोर्ट स्टॅनविक्सला वसाहती आणि मूळ रहिवासी यांच्यात आखलेली हद्द वसाहतवाले रोज ओलांडत होते. मोहॉकांचा पुढारी जोसेफ ब्रँट १७७५ च्या अखेरीस लंडनला निघाला आणि १७७६ मध्ये त्याने सरकारपुढे मांडलं ते जमिनीचंच गाऱ्हाणं. इंग्रज लुच्चे असतील, पण निदान ॲपलेशियन डोंगरापलीकडे जाऊ नका असं आपल्या लोकांना कागदावर तरी सांगत होते.

'सहाही टोळ्या' हे तर सरळसरळ खोटं आहे. ६ ऑगस्ट १७७७ ला ऑरिस्कनीच्या ओढ्याकाठी अमेरिकनांच्या जनरल हर्किमरची सुमारे आठशेंची फौज सापळ्यात सापडली. तिच्याबरोबर साठेक ओनायडा होते, समोर इंग्रजांच्या बाजूने मोहॉक आणि सेनेका. हान येरी नावाच्या ओनायडा योद्ध्याच्या मनगटाला गोळी लागली, तर त्याची बायको शेजारी उभी राहून बंदूक भरून देत राहिली. लढाईनंतर ब्रँटच्या लोकांनी ओनायडांचं ऑरिस्का गाव जाळलं आणि ओनायडांनी मोहॉकांची कानाजोहारीतली घरं लुटली. एकाच संघाची, सोयरिकीतली माणसं. पुढच्या मे महिन्यात ओनायडांची तुकडी वॉशिंग्टनच्या व्हॅली फोर्जच्या छावणीत जाऊन त्याचा फ्रेंच सेनानी लाफायेत याच्याबरोबर बॅरन हिलला लढली. वॉशिंग्टनच्या उपाशी सैन्यासाठी पॉली कूपर नावाच्या बाईने मका कसा नेला, ही गोष्ट ओनायडा आजही सांगतात.

कत्तलींबद्दल मी सारवासारव करणार नाही. ११ नोव्हेंबर १७७८ ला चेरी व्हॅलीत तीसएक नागरिक मारले गेले, त्यांत बायकापोरं होती. पण त्याच्या महिनाभर आधी अमेरिकन तुकडीने उनाडिला आणि ओक्वागा ही गावं पेटवली होती, हे त्या मजकुरात नाही. पेनसिल्व्हेनियातल्या वायोमिंग खोऱ्यातल्या रक्तपाताचं खापर ब्रँटवर फोडतात. तो तिथे नव्हताच.

आणि तो 'धडा'. ३१ मे १७७९ च्या आदेशात वॉशिंग्टनने जनरल सलिव्हनला स्पष्ट लिहिलं होतं: वस्त्यांचा संपूर्ण विध्वंस करायचा, सर्व वयांचे स्त्री-पुरुष जमतील तितके कैद करायचे, उभी पिकं नासवायची आणि पुन्हा पेरणी होऊ द्यायची नाही. न्यूटाउनची एक लढाई सोडली तर फौजेसमोर मुख्यतः रिकामी गावं आणि भरलेली शेतं होती. सलिव्हनच्या अहवालात हिशेब आहे: चाळीस गावं आणि एक लाख साठ हजार बुशेल मका. एक बुशेल म्हणजे साधारण पंचवीस किलो. कायुगांच्या एका गावातली दीड हजार पीचची झाडं तोडली. ही शेतं बायकांची होती. पेरणी त्यांची, साठा त्यांचा, आणि प्रमुख निवडण्याचा अधिकारही कुळातल्या थोरल्या बायकांचा. त्या शरद ऋतूत पाच हजारांहून जास्त निर्वासित इंग्रजांच्या नायगरा किल्ल्याभोवती गोळा झाले आणि त्यावर हिवाळा असा आला की न्यूयॉर्कचं बंदर गोठलं.

ओनोंडागा तोवर बव्हंशी कुंपणावरच होते. एप्रिल १७७९ मध्ये त्यांचीही गावं जाळली आणि मग ते इंग्रजांकडे गेले. धड्याचा परिणाम म्हणाल तर १७८० मध्ये मोहॉक आणि स्कोहरी खोऱ्यांवरचे हल्ले वाढले. अमेरिकेची बाजू घेतलेल्या ओनायडांचं मुख्य गावही त्याच वर्षी जळलं आणि ते स्कनेक्टडीजवळ झोपड्यांत हलाखीत दिवस काढू लागले. १७९० मध्ये सेनेकांचा प्रमुख कॉर्नप्लांटर वॉशिंग्टनला समोरासमोर म्हणाला की आम्ही तुम्हाला 'गावं उद्ध्वस्त करणारा' म्हणतो. ते नाव कानावर पडलं की आजही आमच्या बायका मागे वळून बघतात आणि पांढऱ्या पडतात, मुलं आयांच्या गळ्याला बिलगतात.

राहिलं ते शेवटचं: हरले म्हणून जमीन गेली. १७८३ च्या पॅरिस तहात इंग्रजांनी आपल्या या मित्रांचा उल्लेखही केला नाही. पुढच्या वर्षी ब्रँटच्या लोकांना कॅनडात ग्रँड नदीच्या दोन्ही काठांना सहा-सहा मैल जमीन दिली. साडेनऊ लाख एकरांपैकी आज त्यांच्याकडे जेमतेम पाच टक्के आहे. ठीक, ते हरलेले.

मग जिंकलेले? डिसेंबर १७७७ मध्ये काँग्रेसने ओनायडांना सांगितलं होतं की सूर्यचंद्र जगाला उजेड देतील तोवर आम्ही तुमच्यावर प्रेम करू, तुमचा मान ठेवू. आपल्या जुन्या इनामांच्या सनदांत 'आचंद्रार्क' लिहायचे, अगदी तसंच. १७८४ च्या फोर्ट स्टॅनविक्स तहात त्यांची जमीन त्यांच्याकडेच राहील असं कलमही घातलं. चार वर्षांत न्यूयॉर्क राज्याने पन्नास लाख एकरांहून जास्त जमीन काढून घेतली आणि त्यांना तीनेक लाख एकर ठेवली. तीही पुढे तुकड्यातुकड्याने गेली. १७९५ चा त्यातला एक व्यवहार बेकायदा होता, असं सर्वोच्च न्यायालय म्हणालं, पण कधी? १९८५ मध्ये. तोवर अनेक ओनायडा विस्कॉन्सिनला आणि कॅनडात निघून गेले होते. १९२० च्या दशकात, वॉशिंग्टनच्या बाजूने लढलेल्या या लोकांकडे न्यूयॉर्कमध्ये उरली होती बत्तीस एकर.