घबराट मोजली कुणी?

विकिपीडियावरचा लेख कुणी तपासायला दिला की मी शुद्धलेखन सगळ्यात शेवटी बघतो. आधी बघतो ते ‘लोक घाबरले’, ‘लोक फसले’ असं लिहिलंय तिथं संदर्भ कुणाचा दिलाय. खोट्या बातम्यांवरच्या लेखांत हेच वाक्य सगळ्यात कच्चं असतं आणि तपासणारे तेच डोळे झाकून पास करतात. लोक येडे असतात यावर आपल्या सगळ्यांचा आधीच विश्वास असतो ना!

आमच्या बीडच्या एका विद्यार्थिनीनं १९३८ च्या ‘वॉर ऑफ द वर्ल्ड्स’ या अमेरिकन रेडिओ-नाटकावर (मंगळवासीयांचा हल्ला खऱ्या बातम्यांच्या थाटात सांगणारं, म्हणून ऐकणारे घाबरले असं म्हणतात ते) मराठीत लेख लिहिला आणि “सर, एकदा बघून घ्या” म्हणून पाठवला. भाषा सुरेख. ३० ऑक्टोबरची संध्याकाळ, नाटक सादर करणारा ऑर्सन वेल्स, न्यू जर्सीतल्या ग्रोव्हर्स मिलमध्ये उतरलेले मंगळवासी, सगळं जागच्या जागी. आणि मग ते वाक्य: ‘लाखो अमेरिकन जीव मुठीत घेऊन रस्त्यावर आले.’ त्याला संदर्भ चांगले चार-पाच. उघडून बघितले तर सगळे फिरून दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रांवरच येऊन थांबतात.

आता त्या वर्तमानपत्रांचं बघा. मंदीच्या काळात रेडिओ त्यांच्या जाहिराती पळवत होता. रेडिओ किती बेजबाबदार आहे हे दाखवायची आयती संधी चालून आली, ती कोण सोडतो? त्याच रात्री, कोणता कार्यक्रम किती लोक ऐकतात हे मोजणाऱ्या हूपर कंपनीनं फोनवरून पाच हजार घरांत विचारणा केली होती. हा कार्यक्रम ऐकत होते जेमतेम २ टक्के. बाकीची बरीच मंडळी दुसऱ्या स्टेशनवर एडगर बर्गनचा बोलक्या बाहुल्यांचा कार्यक्रम ऐकत होती.

दुसऱ्या बाजूलाही आकडा आहे, तो लपवायचं कारण नाही. हॅडली कॅन्ट्रिल या मानसशास्त्रज्ञानं १९४० च्या पुस्तकात साठ लाख श्रोते आणि त्यातले बारा लाख घाबरलेले असा अंदाज दिला. पण ती पाहणी झाली प्रसारणानंतर सहा आठवड्यांनी, म्हणजे ‘देश घाबरला’ हे सगळा देश वाचून बसल्यावर. सविस्तर मुलाखती १३५, आणि त्यातले शंभराहून जास्त लोक मुळात घाबरले होते म्हणूनच निवडलेले. थोडे लोक घाबरले, पोलिसांना फोन गेले, हे खरंच. ‘लाखो रस्त्यावर’ला मात्र आधार नाही.

लेखाच्या चर्चा पानावर (विकिपीडियावर संपादक लेखाबद्दल बोलतात ते पान) मी एवढंच लिहिलं की मथळे ठेव, पण ‘वर्तमानपत्रांनी असं छापलं’ म्हणून ठेव, ‘असं घडलं’ म्हणून नको. आणि दोन्ही आकडे कसे काढले तेही लिही. यावर एका जुन्या संपादकांचं म्हणणं पडलं, “इंग्रजीत भरपूर ठिकाणी आहे, मग आपण कशाला कीस पाडायचा?” एकाच बातमीवरून शंभर जणांनी उतरवून घेतलं तर स्रोत शंभर होत नाहीत, हे सांगायला मला तीन परिच्छेद लागले.

कीस पाडायचा, कारण आपल्यावरही ही वेळ येऊन गेलीय. डिसेंबर २०२१, माजलगाव तालुक्यातलं लवूळ. माकडांनी सूड म्हणून कुत्र्यांची २५० पिल्लं मारली, ही बातमी पार परदेशात गेली, मीम निघाले, जग खदाखदा हसलं. माकडं पिल्लं उचलून झाडावर, गच्चीवर नेत होती, वनविभागानं दोन माकडं पकडली, इतपत ठीक. पण पाचेक हजार वस्तीच्या गावात २५० पिल्लं मोजली कुणी? मी वाचलेल्या एकाही बातमीत मोजणाऱ्याचा पत्ता नाही. पारावर कुणी सांगितलं, त्याचा मथळा झाला, आणि मथळ्याचा पुढं ‘स्रोत’ झाला. सूडाचं तर विचारूच नका, माकडाच्या मनातलं बातमीदाराला कळलं कसं!

यात कुणी ठरवून बनाव केला असं मी म्हणत नाही. उलट, लबाड माणूस सापडला की लेख लिहिणं सोपं जातं. इथं लबाड कुणीच नाही, तरी आकडा उभा आहे.

पोरीनं लेख दुरुस्त केला, आणि आधीपेक्षा रंगतदार झालाय, कारण आता त्यात मंगळवासीयांपेक्षा पेपरवालेच जास्त भारी वाटतात. पुढचा लेख ती लवूळवर करणार आहे. माजलगाव, परळी, गेवराईकडं कुणी त्या महिन्याचे पेपर ठेवले असतील तर कात्रणाचा फोटो, तारीख आणि पान क्रमांक इनबॉक्समध्ये टाका. व्हॉट्सॲपवर फिरलेलं नको, ते माझ्याकडं पोतंभर आहे.