एम ५४.६ आणि आमचा कूलर

नागपुरात उन्हाळा पंचांग बघून येत नाही, कूलर काढला की येतो. पत्र्याचा तो अजस्र पेटारा उरलेलं वर्षभर गच्चीवरच्या खोलीत जुन्या गाद्यांखाली पडून असतो. होळी झाली की घरातल्या कर्त्या पुरुषाने तो खाली आणायचा, खसच्या नव्या ताट्या लावायच्या, पंप पाणी ओढतो का बघायचं आणि खिडकीबाहेरच्या स्टँडवर चढवायचा, असा इथला रिवाज. यंदा चढवता चढवता माझ्या पाठीत, खांद्यांच्या दोन फऱ्यांच्या बरोबर मधे, कट्ट असं काहीतरी झालं. कूलर बसला. मीही बसलो.

मग निदानं सुरू झाली. आई म्हणाली, उसण भरली. तर्री-पोहेवाल्याने माझी ताठ मान पाहून प्लेट हातात द्यायच्या आधीच सांगितलं, "गॅस आहे भाऊ, पाठीत चढून राहिला." शेजारच्या भाऊजींनी मणका सरकवला. बायकोच्या मते जगातल्या यच्चयावत दुखण्यांचं मूळ मोबाईल असल्याने तिला पाठ बघायचीही गरज पडली नाही. आपल्या गावात निदानाला डिग्री लागत नाही, आणि 'बहुतेक' हा शब्द तर कोणी तोंडातही आणत नाही.

एकटी भाची गप्प होती. ती मेडिकल कोडर आहे. अमेरिकेतल्या डॉक्टरांचे कागद रात्रभर वाचायचे आणि प्रत्येक दुखण्याला त्याचा कोड लावायचा, हे तिचं काम. कोड चुकला की तिकडची विमा कंपनी पैसे अडवते. १ ऑक्टोबर २०१५ पासून तिकडे आयसीडी-१० या दुखण्यांच्या जागतिक कोड-यादीची खास अमेरिकन आवृत्ती चालते आणि तिच्यात सत्तर हजारांच्या वर कोड आहेत. एवढा साठा जवळ असताना पोरगी माझ्या पाठीबद्दल अवाक्षर काढेना.

"अगं, तू तरी सांग काय झालंय!"

"डॉक्टरांनी काय लिहिलं, मामा?"

"मी सांगतो ना, कूलर उचलताना..."

"तुम्ही सांगून कसं चालेल? कागदावर पाहिजे."

कागदावर डॉक्टरांनी पाठीच्या वरच्या भागात वेदना, एवढंच लिहिलं होतं. नुसतं 'पाठदुखी' लिहिलं असतं तर एम ५४.९, म्हणजे कुठली पाठ ते स्पष्ट नाही, असा कोड लागला असता, असं तिने दिलासा दिल्यासारखं सांगितलं. मला मिळाला एम ५४.६. एक अक्षर, तीन आकडे. रात्री कुशीवर वळताना ज्या वेदनेने मला कुलदैवत आठवतं, तिची ही किंमत!

त्यात कंबरवाल्यांचे लाड बघा. त्यांचा एम ५४.५ होता, तो १ ऑक्टोबर २०२१ पासून भंडाऱ्यातून गोंदिया काढावा तसा फोडला. ५४.५०, ५४.५१ आणि ५४.५९, असे एकाचे तीन झाले. मानेचा वेगळा ५४.२ आहेच. मधल्या बारा मणक्यांच्या वाट्याला मात्र जुना एकच. आमचा कोणी आमदार नाही.

त्याच यादीत बाकीच्यांची चंगळ. गाईने धडक दिली तर? डब्ल्यू ५५.२२ एक्स ए. यातला 'एक्स' रिकामी जागा भरायला, आणि 'ए' म्हणजे इलाज अजून चालू आहे. गाय चावली तर वेगळा, ५५.२१. सासरच्यांशी पटत नसेल तर झेड ६३.१ आहे, हे भाचीने मामी स्वयंपाकघरात असताना हळू आवाजात सांगितलं. इथल्या सदर भागात रस्त्यावर एखाद्या गाईसमोर उभा राहिलो असतो तर माझी फाईल कशी भरगच्च दिसली असती!

"डॉक्टरांनी 'स्ट्रेन' लिहिलं असतं ना मामा, तर एस २९.०१२ ए लागला असता. छातीच्या मागच्या भिंतीचा स्नायू ताणला. सोबत जड वजन उचलल्याचा एक्स ५०.० पण लावता आला असता."

सात जागांचा कोड, वर कारणाचा जोडकोड! मी तडक डॉक्टरांकडे गेलो. वेदनेला बढती मागायला आलेला पेशंट त्यांनी बहुधा पहिल्यांदाच पाहिला. त्यांनी पाठ दाबली, हात वर करायला लावले, मी योग्य त्या ठिकाणी ओरडलो, आणि त्यांनी लिहिलं. घरी येऊन कागद भाचीपुढे ठेवला. तिने तो दिव्याखाली धरला.

"मामा, स्ट्रेनच्या आधी प्रश्नचिन्ह आहे."

"असेना का!"

"चालत नाही. बाह्यरुग्णात संशय असला तर निदानाचा कोड लावत नाहीत, लक्षणाचाच लावतात. एम ५४.६."

इकडे आईने कोणाच्याही कागदाची वाट पाहिली नव्हती. खालच्या मजल्यावरच्या काकू पायाळू. जन्मताना पाय आधी बाहेर आलेल्या माणसाने पाठीत लाथ घातली की उसण उतरते, याबद्दल आईला शंका नाही. मला दाराकडे पाठ करून उभं केलं. काकूंनी पदर खोचला आणि वयाच्या मानाने फारच मन लावून लाथ घातली. माझ्या तोंडून जो आवाज निघाला त्याला कुठल्याही आवृत्तीत कोड नसावा.

भाची लॅपटॉप घेऊन बाहेर आली. "काकू, ही लाथ चुकून लागली का मुद्दाम मारली? चुकून लागली तर डब्ल्यू ५०.१ आहे. मुद्दाम असेल तर मारहाणीचा वाय ०४."

"मुद्दामच मारली ना पोरी," काकू पदर सोडत म्हणाल्या. "चुकून लागलेल्या लाथेने गुण येत नाही."