मडगावला जायला बोरीचा पूल आहे

गेल्या शनिवारी रात्री साडेनऊपासून पावणेबारापर्यंत, म्हणजे तब्बल सव्वादोन तास, आम्ही चार मित्र आपापल्या घरी बसून एका ऑनलाइन व्हिडिओ गेममध्ये झोंबी मारण्याची खटपट करत होतो आणि तेवढ्या वेळात चौघांच्या हातून मिळून एकही झोंबी मेला नाही. यात झोंबींचा काही दोष नाही. ते बिचारे आपल्या जागी, त्या ओसाड गावाच्या पेट्रोल पंपावर, नेमून दिल्याप्रमाणे पाय ओढत फिरत असणार. तिथवर आम्हालाच पोहोचता आले नाही, कारण मित्राच्या खेळात शिरणे ही जी एकमेव गोष्ट डोळ्यांपुढे ठेवून आम्ही चौघांनी या खेळाच्या चार प्रती विकत घेतल्या, तीच त्यात सर्वांत अवघड करून ठेवलेली आहे. खेळाचे नाव मुद्दामच लिहीत नाही. या दुखण्याचे खेळ बाजारात ढिगाने आहेत.

आम्ही चौघे गोव्यातल्या फर्मागुडीच्या इंजिनिअरिंग कॉलेजातले, एकाच वर्गातले. झोंबींच्या लोंढ्यातून चार जणांनी मिळून वाट काढण्याचा ‘लेफ्ट फोर डेड’ हा २००८ सालचा खेळ आम्ही हॉस्टेलच्या खोलीत खेळत असू. जमिनीवर संगणक एकमेकांना जोडणारा एक स्विच, त्याला चार केबली, एकाने खेळ मांडायचा आणि उरलेल्या तिघांनी यादीत त्याचे नाव दिसले की त्यावर टिचकी मारायची, एवढाच तो विधी होता. आता मी फोंड्यात, दुसरा मडगावला, तिसरा पुण्याला आणि चौथा दुबईला आहे. चौघांना जमेल अशी वेळ आठवड्यात एकच, शनिवारची रात्र, आणि तीही अलीकडे मिळू लागलेली. अमिरातीत २०२२ पासून शनिवार-रविवारची सुट्टी आली; त्याआधी ती शुक्रवार-शनिवार असे, त्यामुळे रविवारी सकाळी कामावर हजर व्हायचे असलेला आमचा दुबईवाला शनिवारी खेळायला बसायचे नाव काढत नसे. त्याचे घड्याळ आपल्यापेक्षा दीड तास मागे, म्हणजे आम्ही जेवून उठतो तेव्हा त्याचा भात शिजत असतो. मडगावच्याला आणि मला लहान मुले आहेत, ती झोपल्याशिवाय हेडफोन कानाला लावता येत नाही. एवढी मोट बांधून चार मोठी माणसे आपापल्या खुर्चीत बसतात ती काय वाचायला, तर ‘होस्टशी संपर्क होऊ शकला नाही’.

होस्ट म्हणजे ज्याच्या यंत्रावर खेळ मांडलेला असतो तो. या वाक्याविषयी मला विशेष राग आहे. आमंत्रण येते, मी ते स्वीकारतो, पडद्याच्या तळाशी एक पिवळी पट्टी भरू लागते आणि सुरुवातीला ती अशी सरसर पुढे सरकते, की आज काम झाले असे वाटून माणूस सावरून बसतो. मग नव्वदीच्या पुढे कुठेतरी ती थांबते. लॅपटॉपचा पंखा घोंगावत राहतो, मडगावचा कानात विचारतो, ‘‘पावलो रे?’’, मी म्हणतो, ‘‘थांब, येतोय,’’ आणि मिनिटभराने काळ्या पडद्यावर ती पांढरी चौकट उमटते. संदेश इंग्रजीत असतो, पण त्याचा अर्थ एवढाच, की संपर्क झाला नाही, पुन्हा प्रयत्न करा. खाली एकच बटण असते, ‘ओके’. काय ओके आहे? कोणाची चूक, माझी की त्याची, कोणत्या टप्प्यावर घोडे अडले, पुन्हा प्रयत्न करताना निराळे काय करावे, यातले एक अक्षर तिथे नसते. भर पावसात वीज गेल्यावर आमच्या वाड्यावरच्या लाइनमनला फोन केला, तर तोसुद्धा ‘‘तारेवर माड पडला, दोन तास लागतील’’ असे सांगतो. माणसाला तेवढे कळले तरी मेणबत्ती शोधावी की झोपावे हे ठरवता येते.

शनिवारचा पहिला पाऊण तास पुणेकराने खाल्ला. त्याने महिनाभर खेळ उघडला नव्हता, त्यामुळे बसल्याबरोबर तेवीस जीबींचा अपडेट त्याच्यापुढे उभा राहिला. हा अपडेट दुपारी उतरवून ठेव, असे मी त्याला ग्रूपवर तीन वेळा लिहिले होते आणि तिन्ही वेळा त्याने अंगठा दाखवला होता. तो उतरल्यावर कळले, की पाठीवरच्या पिशवीत दुप्पट सामान मावावे म्हणून त्याने कोणतासा मॉड, म्हणजे खेळाला वरून जोडलेली करामत, घालून ठेवला आहे आणि तो आम्हा तिघांकडे नसल्यामुळे खेळ त्याला दारातच अडवतो आहे. मॉड काढायला दहा मिनिटे. तो कुठल्या फोल्डरमध्ये टाकला होता हे आठवायला त्याहून अधिक.

पण पुणेकर निदान माणूस आहे, त्याला शिव्या देता येतात. पुढचे संकट शिव्या देण्याच्याही पलीकडचे होते. पुणेकर आणि दुबईवाला मडगावच्या खेळात शिरले आणि एकटा मीच, जो त्याच्यापासून सर्वांत जवळ राहतो तो, बाहेर राहिलो. सेटिंगमध्ये खोल एका कोपऱ्यात माझ्या नावापुढे लाल अक्षरांत ‘नॅट : स्ट्रिक्ट’ असे लिहिलेले सापडले. हे नॅट प्रकरण मी गेल्या वर्षभरात इतक्या वेळा वाचले आहे, की आता मला त्यावर तास घेता येईल. इंटरनेटच्या जुन्या, अजूनही सर्वत्र चालणाऱ्या पद्धतीत, आयपीव्ही-४ मध्ये, पत्ते सुमारे ४२९ कोटीच आहेत, आणि आशिया-पॅसिफिक विभागाचा मोकळा साठा एप्रिल २०११ मध्येच शेवटच्या हिश्शावर आला. तेव्हापासून इंटरनेट पुरवणाऱ्या कंपन्या अनेक घरांना मिळून एकच खरा पत्ता वापरायला देतात आणि घराघरांत आतल्या वापराचे खोटे पत्ते वाटतात. पत्त्यांच्या या अदलाबदलीलाच नॅट म्हणतात. १००.६४ पासून १००.१२७ पर्यंतचा पट्टा २०१२ साली याच कामासाठी राखून ठेवला गेला. टीव्हीमागच्या पांढऱ्या डब्याचे, म्हणजे राउटरचे, पान उघडून पाहिले तर माझा पत्ता १००.७२ ने सुरू होतो. म्हणजे जगाच्या दृष्टीने मला स्वतःचे दार नाही. मी मोठ्या इमारतीतल्या एका खोलीत राहतो आणि खाली वॉचमन बसला आहे. मी बाहेर गेलो तर तो मला लक्षात ठेवतो आणि परत आत घेतो, पण बाहेरून कोणी माझे नाव घेऊन आला, तर असा कोणी इथे राहत नाही म्हणून त्याला वाटेला लावतो.

यावरही तोड आहे, आणि ती मोठी चतुर आहे. दोन्ही खेळाडूंनी एकाच वेळी आतून बाहेर निरोप धाडायचा, मधल्या एका सर्व्हरने दोघांना एकमेकांचा ठावठिकाणा सांगायचा, म्हणजे दोन्हीकडच्या वॉचमनना हा आपल्याच माणसाच्या ओळखीतला आहे असे वाटून दार उघडे राहते. मात्र काही वॉचमन असे खमके असतात, की प्रत्येक नव्या ठिकाणी निघालेल्या निरोपाला ते नवा टोकन क्रमांक देतात, आणि मग मधल्या सर्व्हरने कळवलेला क्रमांक दुसऱ्याच्या काही कामाचा राहत नाही. माझ्या नशिबी तसाच आला. अशा वेळी सगळी ये-जा आपल्या सर्व्हरमधून फिरवून देण्याची सोय खेळ करणाऱ्याने ठेवायची असते, आणि अनेक खेळांत ती असतेही. पण त्या सर्व्हरचे भाडे महिन्याच्या महिन्याला त्यालाच भरावे लागते. या खेळात ती सोय मनात आले तर लागते, नाही तर नाही. नवीन कुऱ्हाडी मात्र तीन आल्या, त्यांतली एक सोनेरी.

एवढे सगळे पाठ करून मी इंटरनेटवाल्यांच्या ग्राहक सेवेला फोन लावला होता. तिकडच्या मुलाने माझे सगळे बोलणे अत्यंत नम्रपणे ऐकून घेतले आणि विचारले, ‘‘सर, राउटर एकदा बंद करून चालू करून बघितला काय?’’ मी म्हटले, बाबा रे, तो डबा मी हजार वेळा बंद करून चालू केला, तरी त्यामागचा तुमचा वॉचमन माझ्या हातात नाही. त्यावर त्याने स्पीड टेस्ट करायला सांगितली. स्पीड उत्तम आली. ‘‘मग सर, प्रॉब्लेम नाही,’’ असे म्हणून त्याने तक्रार निकालात काढली आणि मला त्याच्या सेवेबद्दल पाचपैकी तारे द्यायची विनंती करणारा संदेश आला. दरमहा वेगळे पैसे मोजले तर स्वतःचा स्थिर पत्ता मिळतो, हे मला त्याने नव्हे, केबल ओढायला आलेल्या माणसाने शिडीवर उभा राहून सांगितले.

मग आम्ही शहाणपणा केला. होस्ट बदलला. दुबईवाल्याने खेळ मांडावा आणि आम्ही तिघांनी त्याच्याकडे जावे असे ठरले, आणि आश्चर्य म्हणजे मी शिरलो! फक्त खेळाने आमच्यासाठी मधला सर्व्हर निवडला तो सिंगापूरचा. गोव्यापासून सिंगापूर साडेतीन हजार किलोमीटरांहून अधिक दूर आहे. काचेच्या तंतूतून प्रकाश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर धावतो, तेव्हा केबल अगदी सरळ रेषेत टाकली असे मानले तरी नुसत्या जाऊन येण्यात पस्तीस मिलिसेकंद जातात, आणि समुद्रातल्या केबली सरळ रेषेत नसतात. फोंडा आणि मडगाव यांच्यामध्ये एक जुवारी नदी आहे. माझी हाक त्या नदीपलीकडे जाण्यासाठी बंगालचा उपसागर निदान दोनदा ओलांडून येत होती. दाराआडून झोंबी निघतो, मी काठी उगारतो, काठी त्याच्या डोक्यातून आरपार जाते, तो उभाच राहतो, आणि अर्ध्या क्षणाने मी मेलेला असतो. ‘‘तू भिंतीवर कशाला मारतोस?’’ असे पुणेकर विचारत होता. त्याच्या पडद्यावर मी भिंतीवर मारत होतो.

वर ते जग दुबईवाल्याचे. आमच्या मूळ जगात, म्हणजे मडगावच्याच्या यंत्रावर जतन झालेल्या जगात, आम्ही चार शनिवार खपून नदीकाठी एक घर उभे केले होते, खिडक्यांना फळ्या ठोकल्या होत्या, पावसाचे पाणी साठवायला पिंपे ठेवली होती. ते सगळे त्याच्या लॅपटॉपमध्ये. तो नसेल तर आमचे घरही नाही. दुबईवाल्याकडे आम्ही पुन्हा अंगावरच्या कपड्यांनिशी, हातात एक काठी घेऊन. ‘प्रोजेक्ट झोंबॉइड’सारख्या खेळात स्वतंत्र सर्व्हर चालवण्याची सामग्री फुकट मिळते, तो सर्व्हर एखाद्या वेगळ्या यंत्रावर बसवला, की मांडणारा झोपायला गेला तरी बाकीचे त्याच जगात खेळत राहतात. आमच्या खेळात होस्ट हा देव आहे, आणि देवाला अकरा वाजता बायकोने जेवायला हाक मारली. त्याने ताट वाढून घ्यायला म्हणून लॅपटॉपचे झाकण लावले आणि आम्ही तिघे एका क्षणात जगाबाहेर फेकले गेलो. व्हॉट्सअॅपवरून त्याला कॉल लागत नाही, म्हणून लेखी शिव्या पाठवल्या. उत्तर आले, ‘‘सॉरी रे, सुंगटांची कढी निवत होती.’’

रविवारी सकाळी मी बायकोला मडगावला काम आहे असे सांगितले, लॅपटॉप प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळून पाठीला लावला आणि भर पावसात स्कूटर काढली. बोरीचा पूल, राय, फातोर्डा. पस्तीस मिनिटांत त्याच्या दारात. रात्री मी सव्वादोन तास जिथे पोहोचू शकलो नव्हतो, तिथे त्याच्या आईने मला टॉवेल दिला आणि पातळभाजी वाढली. आम्ही जेवणाच्या टेबलावर समोरासमोर लॅपटॉप मांडले, एकाच राउटरला जोडले, आणि इतक्या जवळून तरी तो खेळ मला थेट मित्राकडे जाऊ देईल असे वाटले होते. छे. एका टेबलावरून त्याच टेबलावर जायलाही आधी कंपनीच्या सर्व्हरवर हजेरी लावावी लागते आणि ती हजेरी खेळ संपेपर्यंत चालू राहावी लागते. पण त्या दिवशी हजेरी लागली. मी आत शिरलो. नदीकाठचे आमचे घर, फळ्या, पिंपे, सगळे जागच्या जागी होते, आणि पेट्रोल पंपावरचा तो झोंबीही.

त्याच्याकडे जायला निघालो तेवढ्यात बाहेर धप्पकन आवाज झाला. विजेच्या खांबावरून घरात आलेल्या इंटरनेटच्या केबलवर माडाची झावळी कोसळली होती. वीज होती, पंखा फिरत होता, फक्त राउटरवरचा लाल दिवा लुकलुकू लागला. दोन्ही पडदे काळे झाले आणि माझ्यापुढे ती पांढरी चौकट आली, होस्टशी संपर्क होऊ शकला नाही. होस्ट टेबलाच्या पलीकडे बसून उंडो पाव मोडत होता. त्याने विचारले, ‘‘आनी भाजी घालूं?’’